सुपरमॅनचे खाडे

सुरतेच्या लिंबायतमध्ये खानदेशी बिऱ्हाडं इतकी की वाण्याकडे कळण्याचं पीठसुद्धा मिळतं. तिथल्या एका खोलीत लूम-कारागिरांच्या घोळक्यात बसून ‘सुपरमेन ऑफ मालेगाव’ पाहिला. फैजा अहमद खान यांचा 2008 चा माहितीपट. मालेगावचा नासिर शेख गावातली पोरं गोळा करून सुपरमॅनचं विडंबन काढतो. त्याचा सुपरमॅन शफीक म्हणजे यंत्रमागावरचा एक काटकुळा कामगार.

“हाऊ ते आपला मालेगावना शे!” एक जण ओरडला. पण गावाचं कौतुक तेवढ्यापुरतंच. पुढे सगळ्यांचे डोळे कामावर.

सुपरमॅन उडतो कसा? हिरव्या कापडापुढे त्याला आडवं करून चित्रण करायचं, मग संगणकावर हिरवा रंग काढून मागे आकाश भरायचं. माझ्या शेजारच्याला हे तंत्र नवं होतं, कापड नव्हतं. “ताण नाही बसला, झोळ दिसतो,” तो पुटपुटला. मुद्दा अचूक होता. झोळ पडला की सावली पडते, हिरव्याच्या दोन छटा होतात आणि आकृतीची कड स्वच्छ सुटत नाही. पुढे कॅमेरा पाण्यात पडतो, तेव्हा खोलीत कोणी हसलं नाही. मशीन बंद म्हणजे काय, हे इथे सांगावं लागत नाही.

नटनट्यांवरचे माहितीपट मला कंटाळवाणे वाटतात. सोफ्यावर बसून एकमेकांची आरती. कुतूहल असतं ते ‘हे केलं कसं’ याचं. फाळक्यांनी ते 1917 मध्येच ओळखलं होतं: चित्रपट कसे तयार होतात हे दाखवणारा लघुपट त्यांनी स्वतःच काढला. तेही त्र्यंबकेश्वरचे, म्हणजे मालेगावच्याच नाशिक जिल्ह्यातले. ‘द सिनेमा ट्रॅव्हलर्स’मध्ये (2016) जत्रेतला तंबू-सिनेमा आहे, पण लक्षात राहतो तो प्रोजेक्टर दुरुस्त करणारा मिस्त्री.

शफीकचं लग्न निघतं, शूटिंग थांबतं. इथे मात्र खोलीत हिशेब सुरू झाला. मीटरवर मजुरी, शूटिंगपायी खाडे किती पडले असतील? पिक्चर नासिरचा, म्हणजे शेठ तोच, बुडालेली पाळी त्यानेच भरून द्यावी, असं एकाचं म्हणणं. दोस्तीत कसला शेठ, म्हणून दुसरा उखडला. वाद पेटला तेव्हा पडद्यावर नावं सरकत होती आणि मागून कोणीतरी कॅमेरा पडतो तो भाग पुन्हा लावायला सांगत होतं.