समेट आणि कामगार संघटनांचे प्रातिनिधित्व

औद्योगिक तंट्यांच्या अभ्यासात समेट व न्यायनिवाडा यांतील भेद प्रथम ध्यानी घेणे अगत्याचे आहे. न्यायाधिकरण निर्णय देते. समेट अधिकारी निर्णय देत नाही. तो उभय पक्षांस एकत्र बसवितो, त्यांच्या भूमिकांतील अंतर कमी करण्याचा यत्न करतो आणि एकमत झाल्यास करारावर त्यांच्या सह्या होतात. अर्थात् अशा कराराचे नैतिक बळ सही करणाऱ्यांच्या अधिकारावर अवलंबून असते. म्हणून कामगारांच्या वतीने सही कोणी करावयाची, हा या विषयातील मूलभूत प्रश्न होय.

1947 च्या औद्योगिक विवाद अधिनियमाने या प्रश्नास विशेष धार आणली. मालक व संघटना यांनी परस्पर केलेला करार सामान्यतः त्या पक्षांपुरताच बंधनकारक असे. तोच करार समेटाच्या कार्यवाहीत झाला, तर तो आस्थापनेतील सर्व कामगारांस, इतकेच नव्हे तर पुढे नोकरीस लागणाऱ्यांसही लागू होई. ज्यांनी एखाद्या संघटनेची वर्गणी कधीच दिली नाही, त्यांचेही वेतन तिच्या सहीने ठरू शके.

गिरणगावात मुख्यतः 1946 चा मुंबई औद्योगिक संबंध अधिनियम लागू होता. उपनगरांत, कुर्ल्यापासून घाटकोपर, भांडुपमार्गे मुलुंडपर्यंत आणि पश्चिमेस अंधेरी-बोरिवलीकडे वाढलेल्या अभियांत्रिकी कारखान्यांत, 1947 चा कायदा चाले. तेथे एकाच कारखान्यात प्रतिस्पर्धी संघटना असणे नवलाचे नव्हते. कुर्ल्याच्या प्रीमियर ऑटोमोबाइल्समध्ये एका संघटनेशी झालेल्या उत्तेजन-वेतनाच्या करारास दुसऱ्या संघटनेच्या कामगारांनी हरकत घेतली व ते दिवाणी न्यायालयात गेले. औद्योगिक कायद्याने निर्माण केलेल्या हक्काची दाद त्याच कायद्याच्या यंत्रणेत मागितली पाहिजे, असा निर्णय सर्वोच्च न्यायालयाने 1975 साली दिला. त्या यंत्रणेचे पहिले दार समेटाचेच होते.

प्रातिनिधित्वाचा प्रश्न सोडविण्यासाठी महाराष्ट्राने 1971 साली स्वतंत्र कायदा केला. तो सप्टेंबर 1975 मध्ये अमलात आला. सहा महिने किमान 30 टक्के सदस्यत्व राखणाऱ्या संघटनेस मान्यता मिळू लागली, आणि तिने केलेला करार समेटाबाहेर झाला तरी सामान्यतः सर्वांस बंधनकारक ठरू लागला. यामुळे स्थैर्य आले. परंतु मान्यता आणि विश्वास या दोन भिन्न गोष्टी आहेत. 18 जानेवारी 1982 रोजी डॉ. दत्ता सामंत यांच्या नेतृत्वाखाली सुमारे अडीच लाख गिरणी कामगार संपावर गेले, तेव्हा 1946 च्या कायद्यान्वये प्रातिनिधिक दर्जा राष्ट्रीय मिल मजदूर संघाकडे होता. ज्यांना सहीचा अधिकार होता त्यांच्यामागे संपकरी नव्हते. ज्यांच्यामागे संपकरी होते त्यांना सहीचा अधिकार नव्हता. अशा स्थितीत समेटाची यंत्रणा कुंठित व्हावी, यात आश्चर्य नाही.

21 नोव्हेंबर 2025 पासून अमलात आलेल्या 2020 च्या औद्योगिक संबंध संहितेने अनेक संघटना असलेल्या आस्थापनेत एकमेव वाटाघाटी संघटनेसाठी 51 टक्क्यांची अट घातली असून, ती पुरी न झाल्यास वाटाघाटी परिषदेची तरतूद केली आहे. मात्र हे प्रमाण हजेरीपटावरील कामगारांचे मोजावयाचे आहे, आणि कंत्राटदारामार्फत राबणाऱ्याचे नाव मूळ मालकाच्या हजेरीपटावर सहसा नसते. टक्केवारी वाढविल्याने प्रातिनिधित्व अधिक व्यापक होईल हे खरे. तथापि ज्यांची गणनाच होत नाही त्यांच्या वतीने सही कोणी करावयाची, हा प्रश्न त्यामुळे सुटत नाही. समेटाच्या पुढील अभ्यासाचा प्रारंभ तेथूनच व्हावयास हवा.