तारामती झालेले अण्णा

(आकाशवाणीवरील भाषणाचा संपादित भाग)

मूकपटाला भाषा नव्हती, म्हणून त्याला देशाची सीमाही नव्हती. मधल्या पाट्या बदलल्या की चित्रपट कुठल्याही मुलखात चाले. डेन्मार्कसारख्या चिमुकल्या देशात १९०६ साली नॉर्डिस्क ही कंपनी निघाली आणि तिचा नायक वाल्डेमार सिलँडर युरोपभर गाजला. १९१७ साली, वयाच्या अवघ्या ३२व्या वर्षी तो गेला. त्याच साली आपल्याकडे 'लंकादहन' पडद्यावर आले. त्यात राम आणि सीता या दोन्ही भूमिका एकाच नटाने केल्या होत्या. त्यांचे नाव अण्णा साळुंके.

दादासाहेब फाळके 'राजा हरिश्चंद्र'ची जुळवाजुळव करत होते, तेव्हा तारामतीच्या कामासाठी त्यांना स्त्री मिळेना. जाहिराती देऊन झाल्या. नाचगाणे करणाऱ्या बायकांकडेही विचारणा झाली, पण सिनेमात उभे राहणे त्यांनाही कमीपणाचे वाटले. अखेर मुंबईत ग्रँट रोडवरच्या एका उपाहारगृहात काम करणारे साळुंके फाळक्यांच्या नजरेस पडले. नाजूक अंगकाठी, रेखीव चेहरा. तिथे त्यांना महिना १० रुपये मिळत, फाळक्यांनी १५ देऊ केले, असे सांगतात. ३ मे १९१३ रोजी गिरगावच्या कॉरोनेशन सिनेमात चित्रपट लागला आणि पडद्यावरची आपली पहिली नायिका लोकांनी पाहिली. ती पुरुष होती!

याचे त्या काळी कुणाला फारसे नवल वाटले नसावे. रंगभूमीवर बालगंधर्वांची मोहिनी होती आणि गंधर्व नाटक मंडळी १९१३ सालीच निघाली. पण बालगंधर्वांपाशी गळा होता, पदे होती. अण्णांना सारे मुक्यानेच करायचे होते. डोळे, मान आणि हाताची बोटे एवढेच भांडवल. त्यात कॅमेरा जवळ आला की चेहऱ्यावरचे खोटेपण लपत नाही. 'मोहिनी भस्मासुर'मध्ये दुर्गाबाई कामत आणि त्यांची कन्या कमलाबाई पडद्यावर आल्या, तरीही चार वर्षांनी फाळक्यांनी सीतेसाठी अण्णांनाच निवडले. यातच त्यांच्या कामाची पावती आली. पुढे ते कॅमेऱ्यामागेही उभे राहिले. १९३१ साली 'आलम आरा' आला, चित्रपट बोलू लागला आणि मूकपटांचे जग मागे पडले.

आमच्या बुलढाणा जिल्ह्यात देऊळगावराजाच्या बालाजीच्या यात्रेत मी तंबूतला सिनेमा पाहिला आहे. राम पडद्यावर आला की हात जोडणारी माणसे तिथेही होती. तो भाव प्रेक्षकांत रुजवणाऱ्या पहिल्या काही माणसांपैकी अण्णा एक होते. पण त्यांच्याविषयी आपल्याला कळते ते दोन-चार ओळींपुरतेच.

भारतात हजाराहून अधिक मूकपट निघाले. त्यांतले फारच थोडे हाती उरले आहेत. 'राजा हरिश्चंद्र'चीही काही रिळेच शिल्लक आहेत. त्या फिती चटकन पेट घेत. काही जळाल्या, काही कुजल्या, काही त्यातल्या चांदीसाठी वितळवल्या गेल्या. फीत गेली की नटाचे काम गेले, मग राहते केवळ नाव.

म्हणून एक विनंती. खामगाव, मलकापूर, मेहकरच्या जुन्या वाड्यांतील ट्रंकांमध्ये सिनेमाची हँडबिले, तिकिटे, छायाचित्रे असतील, तर ती रद्दीत घालू नका. जाणकाराला एकदा दाखवा. कोण जाणे, त्यात एखाद्या विसरलेल्या अण्णांचा चेहरा असेल.