एकतर्फी हुकूमनामा : आधी बेलिफाचा अहवाल पाहा
(जमीन आणि कोर्ट : लेखांक सातवा)

१२ मे १८७५ रोजी सुप्याच्या बाजारात जमलेल्या शेतकऱ्यांनी सावकारांची घरं-दुकानं फोडली. सुपे आज बारामती तालुक्यात आहे. तेव्हा ते भीमथडी तालुक्यात होतं. दंगा पुढे इंदापूर, शिरूर आणि नगरकडे पसरला. माणसांच्या अंगावर फारसं कुणी गेलं नाही. लोकांना हवे होते ते कागद: खतं, रोखे आणि त्यांच्याबरोबर दिवाणी कोर्टाचे हुकूमनामे. हाती लागले ते जाळून टाकले.

हुकूमनाम्यावर एवढा राग का? सावकार दावा लावायचा आणि कर्जदार कूळ कोर्टात जायचंच नाही. कधी समन्स पोचलेलंच नसे. कधी पोचलं तरी कोर्ट लांब, खर्च न झेपणारा, आणि गेलो तरी आपलं कोण ऐकणार ही मनातली खात्री. मग हुकूमनामा एकतर्फी, आणि पाठोपाठ जप्ती. चौकशी आयोग बसला, आणि १८७९ मध्ये दख्खनच्या शेतकऱ्यांसाठी साहाय्याचा कायदा आला. पुणे, सातारा, सोलापूर आणि नगर या चार जिल्ह्यांत अशा दाव्यांत न्यायाधीशाने प्रतिवादीला स्वतः तपासावं, तशी गरज वाटली नाही तर त्याचं कारण लेखी नोंदवावं, असं बंधन त्यात होतं. या कायद्याखाली महादेव गोविंद रानडे यांनी विशेष न्यायाधीश म्हणून काम केलं. १८९३ मध्ये ते मुंबई उच्च न्यायालयात गेले.

तो कायदा आता नाही, एकतर्फी हुकूमनामे मात्र आजही होतात. बारामती-इंदापूरकडच्या जमिनीच्या दाव्यांत समोर बहुतेक वेळा भावकीच असते. समजा, दोघे भाऊ आहेत. थोरला इंदापूर तालुक्यात गावी शेती करतो, धाकटा पंधरा वर्षं पिंपरीत कारखान्यात आहे. थोरल्याने वाटणीचा दावा लावला आणि धाकट्याचा पत्ता गावचाच दिला. बेलीफ गावी गेला, घरातल्या कुणीतरी सही करून समन्स घेतलं. धाकट्याला दाव्याचा पत्ता लागला तो थेट मोजणीची नोटीस आली तेव्हा.

अशा माणसाने पहिल्यांदा काय करावं? कोर्टातून बेलिफाच्या अहवालाची सही-शिक्क्याची नक्कल काढावी. हुकूमनामा नंतर वाचला तरी चालेल. दिवाणी प्रक्रिया संहितेचा पाचवा आदेश समन्सबाबत फार काटेकोर आहे. प्रतिवादी घरी नसेल आणि वाजवी वेळेत भेटण्याची शक्यताही नसेल, तर समन्स घरातल्या प्रौढ व्यक्तीला देता येतं, मग ती बाई असो वा पुरुष. पण ती व्यक्ती त्याच्याबरोबर राहणारी हवी. पिंपरीत राहणाऱ्याचं समन्स गावच्या वाड्यात चुलत्याच्या हाती दिलं, तर ही अट पुरी होत नाही. समन्स दाराला डकवलं असेल तर ते दार प्रतिवादीच्या नेहमीच्या राहत्या घराचं किंवा कामधंद्याच्या जागेचं हवं. घर कुणी दाखवलं, कुणासमोर डकवलं, हेही अहवालात नावा-पत्त्यासह यावं लागतं. मला हा कागद हुकूमनाम्याइतकाच मोलाचा वाटतो, कारण त्याच्यावरच पुढचा सगळा अर्ज उभा राहतो.

अर्ज नवव्या आदेशाच्या तेराव्या नियमाखाली, ज्या कोर्टाने हुकूमनामा दिला त्याच कोर्टात करायचा. कारणं दोनच चालतात: समन्स रीतसर बजावलं गेलं नाही, किंवा त्या तारखेला हजर न राहण्याला पुरेसं कारण होतं. मुदत तीस दिवसांची. ती एरवी हुकूमनाम्याच्या तारखेपासून मोजतात. समन्स रीतसर बजावलेलंच नसेल तर हुकूमनामा कळल्याच्या दिवसापासून. पेपरात जाहीर समन्स देऊन केलेली बजावणी मुदतीच्या या हिशेबात रीतसर धरली जात नाही. मुंबई-पुण्यात राहणाऱ्यांना ही गोष्ट सहसा ठाऊक नसते.

खऱ्या माणसाचा अर्जही पडतो तो इथेच. 'मला काही माहीत नव्हतं' एवढं मोघम लिहिलेलं असतं. कधी कळलं, कुणाकडून कळलं, नोटीस कोणत्या दिवशी हातात पडली, याची तारीख हवी आणि शपथपत्र हवं. आजारपणाचं कारण असेल तर दवाखान्याचे कागद नेमके त्या तारखेच्या आसपासचे हवेत. आणि समन्सच्या बजावणीत नुसती त्रुटी आहे, पण तारीख तुम्हाला माहीत होती आणि हजर राहायला पुरेसा वेळही होता, असं कोर्टाला पटलं, तर तेवढ्यावर हुकूमनामा रद्द होत नाही.

दावा अजून चालू असेल तर घाबरून घरी बसू नका. रोजनाम्यात 'एकतर्फी चालवावा' असं लिहिलं म्हणजे दार बंद झालं, ही समजूत चुकीची आहे. संग्राम सिंग खटल्यात १९५५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने हे स्पष्ट केलं. निकाल लिहिणारे न्यायमूर्ती विवियन बोस पूर्वी नागपूर उच्च न्यायालयाचे मुख्य न्यायाधीश होते. पुढच्या तारखेला हजर होऊन त्या टप्प्यापासून भाग घेता येतो. मागच्या गैरहजेरीचं सबळ कारण पटलं तर कोर्ट मागचं कामही पुन्हा उघडू शकतं.

वाटणीच्या हुकूमनाम्यात आणखी एक पेच असतो. तो एकट्या धाकट्यापुरता रद्द करणं शक्य नसेल, तर कोर्ट तो इतर प्रतिवादींच्या बाबतीतही रद्द करू शकतं. म्हणून दाव्यात इतर भावंडंही प्रतिवादी असतील, तर त्यांनाही या अर्जाची माहिती असावी. समोरच्या पक्षाला नोटीस दिल्याशिवाय अर्ज मंजूर होत नाही, आणि मंजूर करताना कोर्ट खर्च भरायला सांगू शकतं. अपिलाचा रस्ताही खुला असतो, पण अपील मागे न घेता निकाली निघालं, तर मग हा अर्ज चालत नाही. रस्ता निवडताना वकिलाशी हे बोलून घ्या.

अर्ज दिला म्हणजे वाटप आपोआप थांबलं, असंही नाही. शेतजमिनीचं वाटप कोर्ट जिल्हाधिकाऱ्यांकडे पाठवतं, तिथून काम तहसीलकडे आणि मोजणीकडे जातं. स्थगितीचा अर्ज वेगळा द्यावा लागतो. ही वाट कुठे-कुठे अडते ते पुढच्या लेखांकात.