मुरगळलेला घोटा आणि येडाईच्या पायऱ्या

चैत्र पौर्णिमेला येरमाळ्यात येडेश्वरीची यात्रा भरते. देवीची पालखी डोंगरावरून खाली येते आणि भाविक रानात चुनखडी वेचतात. पायऱ्यांचा उतार, गर्दी आणि उंचसखल जमीन! अशा वेळी पाऊल आत वळून घोटा मुरगळतो. ‘तेल लावून चोळा’ हा सल्ला तत्काळ मिळतो. वाचकहो, तेवढे मात्र करू नका. ताजी दुखापत चोळल्याने सूज वाढू शकते.

हाडाला हाडाशी बांधणाऱ्या चिवट पट्ट्यांना अस्थिबंध म्हणतात. डॉक्टरांच्या बोलण्यातले हेच लिगामेंट. घोट्याच्या बाहेरील बाजूस असे तीन अस्थिबंध असतात. पाऊल आत वळले की बहुधा त्यांतला पुढचा प्रथम फाटतो. उतारवयात हाडेही ठिसूळ झालेली असतात. म्हणून चार पावलेही टाकता येत नसतील, किंवा घोट्याच्या हाडावर दाबताच दुखत असेल, तर एक्स-रे अवश्य काढावा.

बहुतेकांना शस्त्रक्रिया लागत नाही. कापडात गुंडाळलेला बर्फ, आधारपट्टी, उशीवर उंच ठेवलेला पाय आणि पुढे नियमित व्यायाम यांनी घोटा सावरतो. काही महिने व्यायाम करूनही तो वारंवार दगा देत असेल, तरच शस्त्रक्रियेचा विचार होतो. सैल झालेले अस्थिबंध घट्ट करून शिवण्याची पद्धत स्वीडनच्या लेनार्ट ब्रोस्ट्रॉम यांनी 1966 मध्ये मांडली. थोड्याफार सुधारणांसह ती आजही रूढ आहे.

शस्त्रक्रिया तासा-दोन तासांत आटोपते; खरी परीक्षा घरी सुरू होते. साधारणतः पहिले दोन आठवडे त्या पायावर भार देत नाहीत. मग आधाराच्या बुटात हळूहळू उभे करतात. सुमारे सहा आठवड्यांनंतर घोट्याचे बळ आणि तोल परत मिळवण्याच्या व्यायामांवर भर असतो. ओबडधोबड वाटेवर निर्धास्त चालायला तीन ते सहा महिने लागू शकतात. नेमके वेळापत्रक आपल्या डॉक्टरांचेच पाळावे.

शुश्रूषा करणाऱ्यांनी घरातील सतरंज्या गुंडाळून ठेवाव्यात, न्हाणीघर कोरडे ठेवावे, उकिडवे बसावे लागू नये म्हणून कमोडची खुर्ची आणावी आणि रात्री दिवा मिणमिणता ठेवावा. मधुमेह व तंबाखू यांमुळे जखम भरण्यास विलंब होतो. साखर आटोक्यात ठेवावी, तंबाखू सोडावी. जखमेतून पू येणे, ताप, किंवा पोटरी सुजून दुखणे यांपैकी काहीही आढळल्यास त्याच दिवशी डॉक्टरांना दाखवावे. अचानक धाप लागली किंवा छातीत दुखले, तर क्षणही न दवडता रुग्णालय गाठावे; पायात गोठलेले रक्त फुप्फुसात गेल्याचे ते लक्षण असू शकते.

डॉक्टरांनी पायऱ्यांची परवानगी दिल्यावर एक नियम ध्यानी असू द्या: चढताना चांगला पाय आधी, उतरताना दुखरा पाय आधी, आणि हात कठड्यावर. यंदा पायथ्यापासूनच हात जोडावे लागले, तरी मनाला लावून घेऊ नका. घाईने चढून पुन्हा अंथरूण धरण्यापेक्षा पुढच्या चैत्रात स्वतःच्या पायांनी गाभाऱ्यापर्यंत जाणे अधिक मोलाचे.