टोकियोत चितारलेलं दंडकारण्य

वरोऱ्याच्या पूर्वेला ताडोब्याचं रान, त्यापलीकडे वैनगंगा, गडचिरोली आणि पुढे थेट बस्तर. रामाच्या वनवासाचं दंडकारण्य या पट्ट्यात धरतात. मात्र त्याच्या वनवासावरचा सर्वांत देखणा अ‍ॅनिमेशनपट, ‘रामायण: द लेजेंड ऑफ प्रिन्स रामा’, हातानं रंगवला गेला तो जपानमध्ये.

त्याचे जपानी दिग्दर्शक युगो साको 1983 साली भारतात आले ते डॉ. बी. बी. लाल यांच्या उत्तर प्रदेशातल्या उत्खननावर माहितीपट करायला. इथे रामकथेनं त्यांना असं धरलं, की जपानीत मिळाली तेवढी रामायणं त्यांनी वाचून काढली. राम देव आहे, तो नटापेक्षा चित्रातच शोभेल, असं त्यांचं मत झालं. पण परक्या माणसानं रामकथा पडद्यावर आणावी? वृत्तपत्रातल्या चुकीच्या बातमीवरून विश्व हिंदू परिषदेनं आक्षेप घेतला. विषय नाजूक म्हणून सरकारनंही हात आखडता घेतला. मग काम जपानमध्येच उभं राहिलं.

भारताकडून धुरा सांभाळली अ‍ॅनिमेटर राम मोहन यांनी. मुंबईच्या फिल्म्स डिव्हिजनमध्ये, डिस्नेकडून आलेल्या क्लेअर वीक्स यांच्या हाताखाली ते 1956 पासून तयार झाले होते. जपानी चित्रकारांना धोतर नेसण्यापासून शिकवावं लागलं. ही बाब किरकोळ नाही. निऱ्या कुठे खोचतात आणि कासोटा कुठून जातो हे हाताला ठाऊक नसेल, तर राम चालू लागताच प्रत्येक चित्रात घड्या जागा बदलतात. तेच वडीलधाऱ्यांच्या पाया पडण्याचं. जपानी माणूस कमरेत वाकतो. आपल्याकडे हात पायापर्यंत जातो आणि वरून आशीर्वादाचा हात येतो. सुमारे एक लाख चित्रांत हे सांभाळलं गेलं. संगीत देणारे वनराज भाटिया आणि संस्कृत गीतं लिहिणारे वसंत देव ही तर आपली घरचीच माणसं.

1993 च्या जानेवारीत दिल्लीच्या महोत्सवात चित्रपट दाखवला गेला तेव्हा अयोध्येत बाबरी मशीद पाडली गेली त्याला जेमतेम महिना लोटला होता. मोठ्या पडद्यावर त्याचं फारसं काही झालं नाही. पोरांनी तो टीव्हीवर डोक्यावर घेतला.

माझी तक्रार वेगळी आहे. समुद्र ओलांडून आलेल्या साकोंनी अयोध्येचे रीतिरिवाज चोख पाळले; अरण्याच्या बाजूनं मात्र कथा पाहिली नाही. गडचिरोलीत काही गोंड गावं दसऱ्याला रावणाची पूजा करतात. गोंडी भाषेचे नागपूरकर अभ्यासक मोतीराम कंगाली यांनी तर आपलं नाव बदलून मोतीरावण केलं. मध्य प्रदेशातल्या मंडल्याकडच्या, गोंडांचे कथागायक असलेल्या परधानांच्या गोंड रामायणीत नायक लक्ष्मण आहे, आणि त्या कथा शामराव हिवाळे व व्हेरिअर एल्विन या अभ्यासकांनी पूर्वीच टिपून ठेवल्या होत्या. साकोंना दोष कसा द्यावा? आपल्यापैकी कितीजणांनी त्या वाचल्यात?

24 जानेवारी 2025 रोजी चित्रपट नव्या झळाळीत पुन्हा थिएटरांत आला, तो इंग्रजी, हिंदी, तमीळ आणि तेलुगूत. गोंडी सोडाच, मराठीतही नाही.