करणाऱ्याचे काय झाले?

'बोलणे' हे एक साधे क्रियापद घ्या. त्यापासून मराठीने किती नामे काढली, ते घरातल्या मंडळींनी एकदा बोटांवर मोजून पाहावे. माणूस बोलतो ते बोलणे. मनाला लागतात ते बोल. मूल आईच्या तोंडून शिकते ती बोली, आणि लिलावात लावतात तीही बोलीच. लग्नाआधी होतात ती बोलणी, ती फिसकटली की होते ती बोलाचाली, आणि मग गावभर पसरते ती बोलवा. धातू एकच. पण बोलणी करायला गेलेले पाहुणे बोलाचाली करून परतले, तर ती बातमी निराळीच असते.

शाळेत हा भाग आपण 'धातुसाधित नामे' आणि 'भाववाचक नामे' अशा जड मथळ्यांखाली शिकतो. गोड—गोडी, शूर—शौर्य असा तक्ता पाठ करतो आणि परीक्षा झाली की विसरतो. दादोबा पांडुरंगांनी १८३६ साली मराठीचे व्याकरण छापले. मोरो केशव दामल्यांचे 'शास्त्रीय मराठी व्याकरण' १९११ साली आले. शब्द कसे सिद्ध होतात, याची दामल्यांनी तर चिकाटीने छाननी केली. परंतु हा विषय केवळ पंडितांचा नाही. शेतकऱ्याने, शिंप्याने, जात्यावर बसलेल्या बाईने तो कोणत्याही सूत्रावाचून चालवला आहे.

पेरणी, कोळपणी, खुरपणी, कापणी, मळणी ही नुसती कामांची यादी नाही, ते एक पंचांगच आहे. 'पेरणे' कोणत्याही दिवशी होईल. 'पेरणी' मात्र मृगाच्या पावसाची वाट पाहते. क्रियेला हंगाम मिळाला, गावाने तिला ओळखले, की तिला 'णी' लागते. 'णूक'ची तऱ्हा वेगळी. करमणूक, मिरवणूक आणि निवडणूक तिच्याच, आणि अडवणूक, फसवणूक, पिळवणूक याही तिच्याच. लोकशाहीचा उत्सव आणि त्याबद्दलचे गाऱ्हाणे, दोन्ही एकाच प्रत्ययात बसले, ही गंमतच म्हणायची!

विशेषणांकडे वळले तर बारकावा आणखी वाढतो. साखरेला गोडी असते, आवाजाला गोडवा. जमिनीत ओल असते, माणसाच्या बोलण्यात ओलावा. रंगाला काळेपणा असतो, कुळाला लागतो तो काळिमा. 'शहाणपण' आणि 'शहाणपणा' यांत तर एका कान्याचा फरक. शहाणपण हे अनुभवाने येते. पण आजोबा नातवाला 'शहाणपणा करू नकोस' म्हणतात, तेव्हा त्यांना अनुभवाचे वावडे नसते! तीच गोष्ट 'मोठेपण' आणि 'मोठेपणा' यांची. मोठेपण लोक देतात. मोठेपणा आपला आपणच मिरवायचा असतो. संस्कृतातून आलेले शब्द स्वर बदलून नामे होतात: सुंदरचे सौंदर्य, मधुरचे माधुर्य. ही नामे आहेत हे विसरून आपण त्यांना आणखी एक 'ता' जोडतो, आणि सत्काराच्या भाषणांत 'सौजन्यता' अवतरते. टोपीवर टोपी घालण्याचाच हा प्रकार.

इतर भाषांच्याही अशा रीती आहेत, आणि त्यांतली एक तर आपल्या कचेऱ्यांत राहायलाच आली आहे. अरबीत धातूची तीन व्यंजने एखाद्या साच्यात ओतली की नाम तयार होते. एका साच्यात आरंभी 'त' आणि शेवटच्या व्यंजनाआधी 'ई' येते. तालीम, तहसील, तारीख, तजवीज हे सगळे त्या एकाच साच्यातले. तालीम म्हणजे शिकवणे. आपल्याकडे ते कुस्तीच्या हौद्यात उतरले. तहसील म्हणजे गोळा करणे. आपल्याकडे त्याची कचेरी झाली. साचा थोडा वेगळा, पण तशाच घडणीचे आणखी एक नाम म्हणजे 'तक्रार'. त्याचा अरबीतला अर्थ आहे पुन्हा पुन्हा करणे. सरकारी खिडकीपुढे उभा राहिलेल्याला हा अर्थ कोशात शोधावा लागणार नाही.

येथवर सारे मौजेचे झाले. पण क्रियापदाचे नाम होते, तेव्हा आणखी एक गोष्ट घडते. क्रियापदाला कर्ता लागतो. 'दळते' म्हटले की 'कोण?' हा प्रश्न पाठोपाठ येतो. 'दळण' म्हटले की तो येत नाही. दळण डब्यात असते, गिरणीत जाते, परत येते. दळणारी व्यक्ती शब्दातून गळून पडलेली असते.

मराठीत 'आवळ' असा एक जुना, हिशेबी प्रत्यय आहे. दळल्याबद्दल द्यायची ती दळणावळ, शिवल्याबद्दल शिवणावळ, धुतल्याबद्दल धुणावळ, दागिना घडवल्याबद्दल घडणावळ. (जेवणावळ तेवढी याला अपवाद. जेवल्याबद्दल मजुरी देणारा यजमान अजून भेटायचा आहे!) आता घरात रोज चालणारी कामे आठवा. सारवणे, निवडणे, वाढणे, उष्टी काढणे, आजाऱ्याचे करणे. 'वाढणावळ' किंवा 'सारवणावळ' आपण कधी ऐकली आहे का? प्रत्यय तयार होता, धातूही होते. पण घरच्या बाईच्या कामाला तो जोडण्याचे कोणाला सुचले नाही. तेच जाते, तेच पीठ. गिरणीवाल्याने दळले की दळणावळ, आईने दळले की नुसते दळण.

ही केवळ शब्दांची कसरत नव्हे. राष्ट्रीय सांख्यिकी कार्यालयाने २०१९ साली देशभर पाहणी केली. घरच्यांसाठी बिनपगारी घरकाम करणाऱ्या स्त्रियांचे त्यात रोज सरासरी २९९ मिनिटे जातात, आणि असे काम करणाऱ्या पुरुषांची ९७, असे तीत दिसून आले. पाच तासांना एक मिनिट कमी! जे काम 'असेच होऊन जाते' असे घर समजत होते, त्याला 'बिनपगारी घरकाम' हे नाम मिळाले आणि मगच ते मिनिटांत मोजता आले. म्हणजे नाम करणे वाईट नाही. 'पिळतो' हा एकट्याचा हुंदका असतो. 'पिळवणूक' झाली की तिच्याविरुद्ध सभा भरवता येते, कायदा करता येतो.

पण हेच हत्यार उलटेही चालते. 'जमीन घेतली' म्हटले की तीन प्रश्न उभे राहतात: कोणी घेतली, कोणाची घेतली, केवढ्याला घेतली? 'भूसंपादन' म्हटले की तिन्ही बसतात. १८९४ च्या भूसंपादन कायद्याने शंभराहून अधिक वर्षे या देशातल्या जमिनी घेतल्या. १ जानेवारी २०१४ पासून त्याच्या जागी २०१३ चा नवा कायदा आला. त्याच्या लांबलचक नावात हक्क आला, वाजवी भरपाई आली, पारदर्शकता आली, पुनर्वसन आले. हा बदल लहान नव्हे. तरीही ज्याची जमीन जायची तो माणूस त्या नावात कोठेच नाही. एकामागून एक नामांचे डबे जोडलेले आहेत. गाडीत कोण बसले आहे, ते बाहेरून दिसत नाही.

कचेरीच्या पत्रांत हे रोज चालते. 'दिरंगाई झाली', 'चौकशीअंती कारवाई करण्यात येईल'. दिरंगाई आपोआप होते, कारवाई आपोआप येते. आणि हे फक्त कचेरीतच होते असेही नाही. 'भांडण झाले' म्हणणारी भावंडे आणि 'गैरसमज झाला' म्हणणारे व्याही याच प्रत्ययांच्या आडोशाला उभे असतात.

तेव्हा आज सुटीच्या दिवशी मुलांना एक खेळ द्यावा. याच अंकातल्या एखाद्या बातमीतली तीन जड नामे शोधायची आणि त्यांची पुन्हा क्रियापदे करायची. 'दुर्लक्ष' असेल तर कोणी लक्ष दिले नाही? 'विस्थापन' असेल तर कोणाला कोणी उठवले? व्याकरणाचा अभ्यास होईल, आणि वर्तमानपत्र वाचण्याचाही. खेळ संपला, की स्वयंपाकघरातून 'पाने घेतली' अशी हाक येईल. तिथेही तोच प्रश्न विचारायला हरकत नाही: कोणी घेतली?