गेम अडखळतो? आधी पडद्यामागचे चित्रण तपासा

संगणकावर गेम खेळणाऱ्यांची एक तक्रार जवळपास ठरलेली असते. ग्राफिक्स कार्ड चांगले आहे, रॅम पुरेशी आहे, इंटरनेटचा वेगही बरा आहे. तरीही ऐन लढतीत पडद्यावरील दृश्य क्षणभर अडखळते आणि तेवढ्यात प्रतिस्पर्धी बाजी मारून जातो. मग कार्ड जुने झाले, असा निष्कर्ष निघतो आणि घरात नव्या कार्डासाठी हट्ट सुरू होतो. चांगल्या कार्डाची किंमत आज सहज पाच आकडी असते. लॅमिंग्टन रोडची वाट धरण्यापूर्वी मात्र एक गोष्ट पाहून घ्यावी, तीही विनाखर्च. आपण खेळत असताना संगणक त्या खेळाचे चित्रण करीत नाही ना?

अनेकांना हा प्रश्नच विचित्र वाटेल. चित्रण सुरू केल्याशिवाय ते होईलच कसे? पण येथे 'रेकॉर्ड'चे बटण दाबून केलेल्या चित्रणाविषयी बोलणे नाही. खेळातला रंगतदार क्षण आधी सांगून येत नाही. तो घडून गेल्यावर 'हे जपून ठेवायला हवे होते' असे वाटते. ही सोय करायची तर संगणकाला एकच मार्ग उरतो: सतत चित्रण करीत राहायचे आणि जुने झालेले टाकून द्यायचे. रहाटगाडग्याचे पोहरे भरतात आणि रिते होतात, तसा हा व्यवहार खेळ सुरू असेपर्यंत चालतो. विंडोजमध्ये 'विंडोज', 'ऑल्ट' आणि 'जी' या कळा एकत्र दाबल्यावर गेल्या ३० सेकंदांचे चित्रण हाती येते, कारण ते आधीपासूनच होत असते. त्या कळा महिनोन् महिने दाबल्या नाहीत, तरी रहाट थांबत नाही.

ही कल्पना रुजली ती २०१३ मध्ये. त्या वर्षी एनव्हीडियाने आपल्या ग्राफिक्स कार्डांसाठी 'शॅडोप्ले' आणले आणि नोव्हेंबरमध्ये बाजारात आलेल्या प्लेस्टेशन ४ व एक्सबॉक्स वन या दोन्ही यंत्रांत ती सोय अंगभूतच होती. जुलै २०१५ मध्ये विंडोज १० बरोबर ती 'गेम डीव्हीआर' या नावाने थेट कार्यप्रणालीत आली. एएमडीची 'रीलाइव्ह' डिसेंबर २०१६ मधली, तर 'स्टीम'ने स्वतःची चित्रण सुविधा नोव्हेंबर २०२४ मध्ये सर्वांसाठी खुली केली. परिणामी, आज एकाच संगणकावर हे काम करू शकणारे दोन-तीन प्रोग्रॅम सुखेनैव नांदत असतात. खरी अडचण हीच आहे. एका ठिकाणी बंद केले म्हणजे सगळीकडे बंद झाले, असे होत नाही.

भार किती पडतो?

याचे प्रामाणिक उत्तर असे, की ते संगणकावर अवलंबून आहे. सेकंदाला ६० चित्रे दाखवायची, तर एका चित्रासाठी जेमतेम १६.७ मिलिसेकंद मिळतात. त्यातच चित्र घडवायचे, त्याची नक्कल काढायची, ती आकुंचित करायची आणि डिस्कवर लिहायची. अलीकडच्या कार्डांत आकुंचनाच्या कामासाठी स्वतंत्र मंडल असते. त्यामुळे मूळ कामाला फारसा धक्का लागत नाही आणि फरक बहुधा जाणवतही नाही. ज्यांचा संगणक नवा व तगडा आहे, त्यांनी हा लेख वाचून चमत्काराची अपेक्षा ठेवू नये.

झळ बसते ती जुन्या किंवा मध्यम क्षमतेच्या संगणकांना. स्वतंत्र ग्राफिक्स कार्ड नसलेल्या लॅपटॉपमध्ये मुख्य मेमरीच ग्राफिक्ससाठीही वापरली जाते. तेथे चित्रांच्या नकला काढण्याचा बोजा गेमच्याच वाट्यातून जातो. बंदिस्त लॅपटॉपमध्ये उष्णता वाढली की प्रोसेसर आपला वेग कमी करतो, हेही आलेच. दुसरे दुखणे डिस्कचे. सेकंदाला ५० मेगाबिट या दर्जाने चित्रण केले, तर दर सेकंदाला सव्वासहा मेगाबाइट आणि तासाला साडेबावीस गिगाबाइट मजकूर तयार होतो. गेम आणि हे चित्रण दोन्ही एकाच फिरत्या हार्ड डिस्कवर असतील, तर एकीकडे वाचायचे आणि दुसरीकडे लिहायचे, या ओढाताणीत तिची दमछाक होते. सरासरी वेग ठीक दिसतो, पण मध्येच एखादा झटका बसतो. तक्रार नेमकी याच झटक्याची असते.

एसएसडीच्या बाबतीत मात्र एक भीती अवास्तव वाटते. सततच्या लिखाणाने एसएसडी झिजते, हे खरे. वरच्या हिशेबाने रोज तीन तास खेळणाऱ्याच्या डिस्कवर वर्षाला सुमारे २५ टेराबाइट लिहिले जाईल. ५०० गिगाबाइटच्या काही प्रचलित एसएसडींना उत्पादक ३०० टेराबाइट लिखाणाची हमी देतात. म्हणजे बारा वर्षे झाली. तोवर तो संगणकच अडगळीत गेलेला असेल.

वेगापेक्षा महत्त्वाचे

गेमचा वेग हा हौसेचा भाग झाला. घरातल्या मोठ्यांनी लक्ष घालावे, असा मुद्दा वेगळाच आहे. एनव्हीडियाच्या सुविधेत 'डेस्कटॉप कॅप्चर' नावाचा पर्याय असतो. तो चालू असेल, तर केवळ गेमच नव्हे, तर पडद्यावर जे जे उघडले जाईल त्याचे चित्रण होऊ शकते. मुलाने गेमसाठी सुरू केलेली सोय वडील बँकेचे संकेतस्थळ उघडतात तेव्हाही चालूच राहते. मायक्रोफोनचेही तसेच. तो 'नेहमी चालू' असेल, तर खोलीतले बोलणे त्या चित्रफितीत येते आणि तीच चित्रफीत मित्रमंडळींत फिरते. विंडोजची स्वतःची सुविधा गेमच्या खिडकीपुरती मर्यादित असते आणि डेस्कटॉपचे चित्रण करीत नाही; परंतु आवाजाचा पर्याय तेथेही आहे.

या कंपन्या ही सुविधा लपूनछपून सुरू करतात, असा आरोप करणे न्याय्य होणार नाही. विंडोज, एनव्हीडिया आणि स्टीम या तिन्हींत मागील क्षणांचे चित्रण मुळात बंदच असते. कधीतरी एखादी करामत टिपण्यासाठी हौसेने ते सुरू केले जाते आणि विसरले जाते. एनव्हीडियात तर 'ऑल्ट', 'शिफ्ट' आणि 'एफ १०' एवढ्या कळा खेळाच्या भरात चुकून दाबल्या गेल्या तरी पुरे.

शोध आणि बंदोबस्त

चित्रण चालू आहे की नाही, हे ओळखण्याची सोपी खूण टास्क मॅनेजरमध्ये सापडते. गेम सुरू ठेवून 'परफॉर्मन्स' या भागात 'जीपीयू'वर क्लिक करावे. तेथील आलेखांपैकी एकावर 'व्हिडिओ एन्कोड' निवडावे. काही कार्डांत त्याचे नाव 'व्हिडिओ कोडेक' असते. नुसता गेम चालू असताना ही रेघ सपाट हवी. ती सतत वर राहत असेल, तर कोणीतरी चित्रण करीत आहे. मित्रांना आपला पडदा दाखवत असाल किंवा व्हिडिओ कॉल सुरू असेल, तरीही ती उचलली जाते. म्हणून ते आधी बंद करून पाहावे.

विंडोज ११ मध्ये 'सेटिंग्ज', त्यात 'गेमिंग' आणि त्यात 'कॅप्चर्स' असे जावे. 'रेकॉर्ड व्हॉट हॅपन्ड' हा पर्याय बंद करावा. विंडोज १० साठीची नियमित मदत मायक्रोसॉफ्टने ऑक्टोबर २०२५ मध्ये थांबवली. तरीही ती वापरणाऱ्यांना हाच पर्याय त्याच जागी 'बॅकग्राउंड रेकॉर्डिंग' या नावाखाली मिळेल. एनव्हीडियाचे कार्ड असल्यास 'ऑल्ट' व 'झेड' दाबून येणाऱ्या पट्टीत 'इन्स्टंट रिप्ले' बंद करावे आणि तेथेच डेस्कटॉप कॅप्चर व मायक्रोफोनही पाहून घ्यावेत. एएमडीत 'ऑल्ट' व 'आर' दाबून 'रेकॉर्ड अँड स्ट्रीम' विभागात जावे. स्टीमच्या सेटिंग्जमध्ये 'गेम रेकॉर्डिंग' या पानावर 'रेकॉर्डिंग ऑफ' निवडले की झाले. एवढे करून पुन्हा ती रेघ पाहावी. हा सारा उद्योग दहा मिनिटांचा आहे.

यापुढे जाऊन उत्साही मंडळी 'गेम बार' मुळासकट उखडून टाकण्याचा सल्ला देतात. एखादा 'वेग वाढवणारा' प्रोग्रॅम उतरवून घ्या, रजिस्ट्रीत अमुक बदल करा, असेही सांगितले जाते. हा सल्ला मानू नये, असे आमचे स्पष्ट मत आहे. गेम बार काढून टाकल्यावर काही संगणकांत गेम उघडताच 'ही लिंक उघडण्यासाठी नवे ॲप हवे' अशा अर्थाची चौकट पुन्हा पुन्हा येऊ लागते. एएमडीच्या रायझन ९ ७९५०एक्स३डीसारख्या प्रोसेसरांचे तर नुकसानच होते. गेम सुरू आहे हे ओळखून तो योग्य कोअरवर चालवण्यासाठी एएमडीची यंत्रणा याच गेम बारची मदत घेते. रोग बोटाला आणि हात कापायचा, असा हा प्रकार आहे. अनोळखी ठिकाणाहून आणलेल्या प्रोग्रॅमला आपल्या संगणकाचे सर्वाधिकार देण्याची जोखीम तर वेगळीच.

ज्यांना चित्रण हवेच आहे, त्यांनी ते जरूर ठेवावे. यूट्यूबवर चित्रफिती टाकणाऱ्यांना किंवा लबाडी करणाऱ्या खेळाडूविरुद्ध पुरावा हवा असणाऱ्यांना ही सोय मोलाची आहे. फक्त तीनपैकी एकच प्रोग्रॅम निवडावा. मागील चित्रणाचा अवधी १० मिनिटांऐवजी ३० सेकंदांवर आणावा आणि सेकंदाला ६० ऐवजी ३० चित्रांवर समाधान मानावे. लॅपटॉप असल्यास विंडोजच्या त्याच पानावर बॅटरीवर चालताना चित्रण न करण्याचा पर्यायही आहे. फरक पडला की नाही, हे मनाच्या कौलावर सोडू नये. गेममधला तोच प्रसंग चित्रण चालू ठेवून आणि बंद करून प्रत्येकी दहा मिनिटे खेळावा आणि सेकंदाला किती चित्रे मिळतात ते पाहावे. 'विंडोज' व 'जी' दाबल्यावर येणाऱ्या 'परफॉर्मन्स'च्या चौकटीत हा आकडा दिसतो. तो दोन्ही वेळा सारखाच आला, तर दोष अन्यत्र आहे, असे समजून तापमान, ड्रायव्हर आणि डिस्क यांच्याकडे वळावे.

सुविधा बंद केली म्हणून आधी जपलेल्या चित्रफिती आपोआप पुसल्या जात नाहीत. विंडोजच्या चित्रफिती 'व्हिडिओज' फोल्डरमधील 'कॅप्चर्स'मध्ये साठलेल्या असतात. बाकीच्या कोठे आहेत, ते त्या-त्या प्रोग्रॅमच्या सेटिंग्जमध्ये दिलेले असते. संगणक विकण्यापूर्वी किंवा दुरुस्तीला देण्यापूर्वी त्या पाहून, नको त्या काढून टाकाव्यात.